चित्र मनाचा ताबा घेते तेव्हा

प्रश्न : रशियन चित्रकार इल्या रेपिन यांचे झार (रशियाचा सम्राट) इव्हान आणि त्याच्याच हातून घायाळ होऊन मरणाऱ्या त्याच्या मुलाचे चित्र एका ग्रंथात पाहिल्यापासून त्या बापाचे डोळे माझ्या नजरेसमोरून हलत नाहीत. झोपही नीट लागत नाही. नुसत्या चित्राचा एवढा परिणाम व्हावा, हा मनाचा दुबळेपणा समजावा का?
– एक वाचक, सातारा

उत्तर : मुळीच नाही. १८८५ साली हे चित्र प्रथम लोकांसमोर आले, तेव्हा झार तिसरा अलेक्झांडर यानेही ते इतके धोक्याचे मानले की काही महिने त्याच्या प्रदर्शनावर बंदी घातली. १९१३ मध्ये मॉस्कोच्या त्रेत्याकोव्ह कलादालनात बालाशोव्ह नावाच्या तरुणाने ‘रक्त पुरे झाले’ असे ओरडत त्यावर सुरीचे तीन वार केले, आणि ते नेमके चेहऱ्यांवर केले. त्या धक्क्याने दालनाचे अभिरक्षक ख्रुस्लोव्ह यांनी रेल्वेखाली जीव दिला. बालाशोव्ह मनोरुग्ण होता हे खरे; पण तेवढे म्हणून विषय संपवणे मला पटत नाही, कारण भिंतीवरच्या इतक्या चित्रांतून त्याने हेच का निवडले, हा प्रश्न त्याने सुटत नाही.

माझ्या मते अस्वस्थतेचे मूळ रक्तात नाही. रागाच्या भरात काठीचा घाव बापाने आधीच घातलेला आहे. काठी पुढ्यात पडली आहे, गालिचा चुरगळला आहे, आसन उलटले आहे. रेपिन यांनी रंगवला तो त्यानंतरचा क्षण : मुलाच्या कानशिलावरची जखम दाबून धरणारा हात, बोटांमधून ओघळणारे रक्त आणि बापाचे भीतीने विस्फारलेले डोळे. आपण मारेकऱ्याचा तिरस्कार करायला जातो आणि त्याचीच कीव येऊ लागते; या दोन्ही भावना एकमेकींना हटवत नाहीत, म्हणून मनाला कुठे टेकायला जागा उरत नाही. आपल्याला झालेला त्रास हा त्या चित्राचा नेमका परिणाम आहे.

इटलीतील फ्लॉरेन्स शहरातील मनोविकारतज्ज्ञ ग्राझिएला मागेरिनी यांनी तेथील कलाकृती पाहून भोवळ आलेल्या, भांबावलेल्या शंभरहून अधिक पर्यटकांच्या नोंदी केल्या होत्या. त्यांतील बऱ्याच जणांना मानसिक त्रास आधीपासून होता. म्हणून एक सुचवतो. ग्रंथातील चित्रात अनेकदा फक्त चेहरे छापलेले असतात. संपूर्ण चित्र दिवसाउजेडी, सावकाश पाहा. तरीही झोप येत नसेल, तर संकोच न करता डॉक्टरांना भेटा आणि चित्राचीही गोष्ट त्यांना मोकळेपणाने सांगा.