‘ॲनिलीन’ हा शब्द ‘अनिल’मधून आला की ‘नील’मधून?

प्रश्न असा आला आहे की, रसायनशास्त्राच्या पुस्तकांत भेटणारा ‘ॲनिलीन’ हा शब्द आपल्या ‘अनिल’ म्हणजे वारा या संस्कृत शब्दावरून घेतला आहे काय, कारण हे द्रव्य उडून जाणारे, उग्र वासाचे आहे असे सांगतात. त्याच प्रश्नात एक दुसरी व्युत्पत्तीही सुचवली आहे. ॲनिलीन शुद्ध असताना रंगहीन असते, म्हणून ‘अ’ अधिक ‘नील’, म्हणजे ‘जे निळे नाही ते’, अशी फोड करता येईल का? शिवाय मराठीत हा शब्द कसा लिहावा आणि त्याऐवजी ‘नीलिन’ असा शब्द वापरावा का, हेही विचारले आहे.

थोडक्यात उत्तर असे की, शब्द मुळात आपल्याकडचाच आहे, मात्र तो ‘अनिल’ नव्हे, ‘नील’ आहे. आणि त्याच्या आरंभीचा ‘अ’ नकाराचा नसून अरबी भाषेतल्या ‘अल्’ या, इंग्रजीतल्या ‘द’सारख्या, निश्चयदर्शक उपपदाचा अवशेष आहे.

‘अनिल’ हा शब्द ‘अन्’ म्हणजे श्वास घेणे या धातूपासून झाला आहे. ‘प्राण’ या शब्दातही तोच धातू आहे. त्याचा रंगाशी किंवा वनस्पतीशी कसलाही संबंध नाही. उडून जाण्याचा मुद्दाही फारसा टिकत नाही. ॲनिलीन हा तेलकट, पाण्यापेक्षा किंचित जड असा द्रव असून तो सुमारे 184 अंश सेल्सिअसला उकळतो, म्हणजे पाण्याच्या मानाने तो बराच सावकाश उडतो. ‘अ’ अधिक ‘नील’ ही फोड चतुर आहे, आणि रंगहीनतेशी तिचा मेळ बसतो हे पाहून कोणालाही ती पटावी; पण ज्या रसायनतज्ज्ञाने हे नाव ठेवले त्याने ते गुणावरून नव्हे, तर उगमावरून ठेवले होते, आणि तो उगम होता नीळ.

आता ‘नील’चे ‘अनिल’सारखे रूप कसे झाले ते पाहू, कारण या शब्दाच्या प्रवासातला सर्वांत मजेचा भाग तोच आहे. संस्कृतात ‘नील’ हा रंगवाचक शब्द आणि ‘नीली’ हे त्या झाडाचे नाव. मराठीत दोन स्वरांमधल्या ‘ल’चा ‘ळ’ होण्याची रीत आहे. ‘फल’चे फळ झाले, ‘काल’चा काळ झाला, ‘माला’ची माळ झाली, तशी ‘नील’वरून आपली ‘नीळ’ आणि ‘निळा’ ही रूपे आली. पश्चिमेकडे गेलेला शब्द मात्र ‘ळ’ नसलेल्या भाषांत गेला. फारसीत तो ‘नील’ राहिला आणि तिथून अरबीतही ‘नील’ म्हणूनच गेला. अरबीत नामाला ‘अल्’ हे उपपद लागते, पण नामाचा पहिला वर्ण न, र, स, श, द यांसारखा असेल तर ‘अल्’मधल्या ‘ल्’चा उच्चार नाहीसा होऊन पुढचाच वर्ण दुप्पट होतो. ‘अल्-नील’ असे लिहिले तरी म्हणायचे ‘अन्-नील’. हा नियम मराठी वाचकाला अपरिचित वाटायचे कारण नाही, कारण इतिहासाच्या पुस्तकांत तो आपण नेहमी वाचत असतो. औरंगजेबाच्या मुलीचे नाव ‘जेबुल्निसा’ नसून ‘जेबुन्निसा’ आहे, ‘अब्दुल् रहमान’ म्हणताना ‘अब्दुर्रहमान’ होते आणि ‘शम्सुल्दीन’चे ‘शम्सुद्दीन’ होते, ते याच नियमाने. (जाता जाता एक योगायोग सांगण्यासारखा आहे. अरबीत ‘अन्-नील’ म्हणजे नीळ आणि ‘अन्-नील’ म्हणजेच इजिप्तची नाईल नदी. लेखन, उच्चार सगळे एक. पण नदीचे नाव ग्रीक ‘नेइलोस’शी जोडलेले आहे, आपल्या निळीशी नव्हे.)

स्पेन आणि पोर्तुगाल या प्रदेशांवर अरबी भाषेचा काही शतके प्रभाव होता. तिथल्या लोकांनी अरबी शब्द घेतले ते पुष्कळदा उपपदासकट घेतले, कारण बोलताना ऐकू येत होते ते ‘अन्नील’ असे एकच सलग रूप. त्यातूनच पोर्तुगीज ‘अनिल’ आणि स्पॅनिश ‘अनिल’, ज्यात ‘न’चा उच्चार ‘न्य’कडे झुकतो, हे शब्द तयार झाले. हे काही एकट्या निळीच्या वाट्याला आलेले नाही. आपली ‘शर्करा’ फारसीत ‘शकर’, अरबीत ‘सुक्कर’ आणि उपपदासह ‘अस्-सुक्कर’ झाली, आणि पोर्तुगीजांनी ती ‘असुकार’ म्हणून घेतली. दोन्ही शब्दांच्या आरंभीचा ‘अ’ एकाच घराण्यातला आहे.

पोर्तुगीज ‘अनिल’ आपल्या किनाऱ्यावरही वापरात होता. गार्सिया द ऑर्टा या पोर्तुगीज वैद्याने गोव्यात राहून भारतातल्या औषधी द्रव्यांवर लिहिलेला संवादरूप ग्रंथ 1563 मध्ये गोव्यातच छापला गेला. त्यात ‘अनिल’चा उल्लेख येतो, आणि वैद्याने तो एका वाक्यात बाजूला सारलेला दिसतो, त्याच्या मते हे औषध नव्हे, व्यापाराचा माल आहे, म्हणून त्याबद्दल फार बोलायला नको. तरीही माल कसा पारखावा हे तो सांगतोच. चांगली नीळ स्वच्छ, मातीची भेसळ नसलेली असावी. खात्रीची परीक्षा म्हणजे ती मेणबत्तीवर जाळून पाहणे. काही जण ती पाण्यात टाकतात आणि तरंगली तर चांगली समजतात. ज्या गुजरातेत सरखेजसारखी निळीची मोठी केंद्रे होती, तिथे या मालाला ‘गळी’ म्हणत आणि आजही गुजरातीत नीळ म्हणजे गळीच. म्हणजे उत्पादक एक शब्द बोलत होता आणि खरेदीदार दुसरा, आणि युरोपात पोचला तो खरेदीदाराचा शब्द.

युरोपात या रंगासाठी दुसरे नाव आधीपासून होते. ग्रीकांनी त्याला ‘इंडिकॉन’, म्हणजे ‘हिंदुस्थानातले’ असे म्हटले. त्याचे लॅटिन ‘इंडिकम’ झाले आणि त्यातून आजचे ‘इंडिगो’ निघाले. त्यामुळे एकाच मालाला देशावरून पडलेले इंडिगो आणि रंगावरून पडलेले अनिल अशी दोन नावे बाजारात चालत होती. वनस्पतिशास्त्रात लिनीयस या स्वीडिश शास्त्रज्ञाने अमेरिकेत आढळणाऱ्या निळीच्या एका जातीला ‘इंडिगोफेरा अनिल’ असे नाव दिले तेव्हा ही दोन्ही एकाच नावात आली. आता त्या जातीचे प्रचलित नाव वेगळे आहे, पण एकोणिसाव्या शतकातल्या युरोपीय शास्त्रज्ञाला ‘अनिल’ म्हणजे नीळ हे ठाऊक असण्यासाठी ते पुरेसे होते.

रसायनशास्त्रातला शब्द याच शतकात जन्माला आला, आणि एकदा नव्हे तर वेगवेगळ्या नावांनी चारदा जन्मला. 1826 मध्ये ऑटो उन्फरडॉर्बेन या जर्मन रसायनतज्ज्ञाने नीळ भट्टीत तापवून तिच्यातून ऊर्ध्वपातनाने एक तेलकट द्रव मिळवला. आम्लाशी संयोग होताच त्याचे स्फटिकरूप क्षार सहज तयार होत, म्हणून त्याने त्याला ‘क्रिस्टॅलिन’ म्हटले. 1834 मध्ये फ्रीडलीब फर्डिनंड रुंगे याने दगडी कोळशाच्या डांबरातून एक द्रव वेगळा काढला, जो विरंजक चूर्णाशी (ब्लीचिंग पावडरशी) मिसळताच निळसर जांभळा रंग देई. त्याने नाव ठेवले ‘क्यानोल’, ग्रीक ‘क्यानोस’ म्हणजे निळे यावरून. 1840 मध्ये कार्ल युलियस फ्रिट्शे याने नीळ कॉस्टिक पोटॅश या तीव्र अल्कलीबरोबर तापवून तोच द्रव मिळवला आणि ‘अनिल’ला ‘इन’ प्रत्यय लावून त्याला ‘अनिलिन’ हे नाव दिले. 1842 मध्ये रशियातल्या कझान येथे निकोलाय झिनिन याने नायट्रोबेंझीनपासून ‘बेंझिडाम’ तयार केले. हे चौघेही एकाच पदार्थाभोवती फिरत आहेत हे 1843 मध्ये आउगुस्ट विल्हेल्म होफमान याने दाखवून दिले, आणि पुढे फ्रिट्शेचे नाव टिकले.

माझ्या मते ते टिकले हे भाषेच्या दृष्टीनेही बरे झाले. ‘क्रिस्टॅलिन’ हे नाव स्फटिक होणाऱ्या हजारो पदार्थांना लागू पडले असते आणि ‘क्यानोल’ एका चाचणीतल्या रंगावर उभे होते. ‘अनिलिन’ने पदार्थ कुठून निघाला ते सांगितले. त्यातला ‘ईन’ हा लॅटिनमधून आलेला प्रत्यय सेंद्रिय अल्कधर्मी द्रव्यांच्या नावांत सर्रास दिसतो, जसे क्विनीन, कॅफीन, मॉर्फीन. आपल्या ‘कुलीन’, ‘नवीन’ या शब्दांतल्या प्रत्ययाशी तो जुळताना दिसला तरी शब्द मराठीत आला तो युरोपातून, प्रत्ययासकट.

नीळ तापवून ॲनिलीन का मिळते, हे रेणूची रचना पाहिली की उमगते. ॲनिलीन म्हणजे बेंझीनच्या षट्कोनी कड्याला जोडलेला एक अमिनो गट (एक नायट्रोजन व दोन हायड्रोजन). निळीच्या रंगद्रव्याचा रेणू दोन सारख्या अर्ध्यांचा बनलेला असतो, आणि प्रत्येक अर्ध्यात बेंझीनचे कडे व त्याला जोडलेला नायट्रोजन हा सांगाडा असतोच. तीव्र उष्णतेने बाकीचा भाग तुटून गेला की ॲनिलीन उरते. खुद्द निळीच्या झाडाचे पानही निळे नसते, हे इथे लक्षात ठेवावे. पाने पाण्यात कुजवली की पाणी पिवळसर हिरवे दिसते, आणि ते हौदात घुसळून त्याला हवा दिली की मगच निळा गाळ तळाशी बसतो.

पुढे या नात्याची दिशा उलटली. 1856 मध्ये लंडनमध्ये होफमानचा अठरा वर्षांचा विद्यार्थी विल्यम पर्किन क्विनीन बनवण्याच्या खटपटीत होता. त्याला ॲनिलीनपासून जांभळा रंग मिळाला आणि कृत्रिम रंगांचा उद्योग सुरू झाला. 1865 मध्ये जर्मनीत स्थापन झालेल्या बीएएसएफ या कंपनीच्या नावातला ‘ए’ हा ‘अनिलिन’चाच आहे, आणि छायाचित्रणाच्या फिल्ममुळे आपल्याकडे घरोघरी माहीत झालेल्या ‘आग्फा’ या नावातलाही दुसरा ‘ए’ तोच आहे. आडोल्फ फॉन बायर याने निळीच्या रेणूची रचना उलगडली, बीएएसएफने 1897 मध्ये कृत्रिम नीळ बाजारात आणली, आणि काही वर्षांतच ॲनिलीनपासून नीळ बनवण्याची रीतही कारखान्यात परवडू लागली. निळीतून निघालेल्या द्रव्यातून नीळच बनू लागल्यावर हिंदुस्थानातल्या शेतातल्या निळीची मागणी कोसळली. बिहारमधल्या मळेवाल्यांनी तो तोटा कुळांवर ढकलला. 1917 च्या चंपारण्याच्या लढ्यामागे तीनकठिया पद्धतीच्या, म्हणजे कुळांनी जमिनीच्या ठरावीक भागात नीळ लावलीच पाहिजे या सक्तीच्या, जुलमाबरोबर हेही एक कारण होते.

शब्दाचे गोत्र आजही वाढते आहे. ‘ॲसिटॅनिलाइड’, ‘अँथ्रॅनिलिक आम्ल’, ‘पॉलिॲनिलीन’ आणि सल्फा औषधांतले ‘सल्फानिलमाइड’ या सगळ्यांच्या पोटात आपली ‘नील’ आहे. छापखान्यातल्या मंडळींना ठाऊक असलेला, छपाईयंत्रात शाई पुरवणारा ‘ॲनिलॉक्स रोलर’ही याच कुळातला आहे. प्लॅस्टिकच्या पिशव्या आणि वेष्टणे छापण्याच्या ज्या तंत्राला आज फ्लेक्सो म्हणतात, त्यात पूर्वी ॲनिलीनजन्य रंगांची शाई वापरत असल्यामुळे त्याला ‘ॲनिलीन छपाई’ म्हणत. खाद्यपदार्थांच्या वेष्टणासाठी ते नाव गिऱ्हाइकाला भीतिदायक वाटू लागले म्हणून तंत्राचे नाव बदलले, रोलरचे तसेच राहिले. ती भीती अगदीच निराधार नव्हती, कारण ॲनिलीन विषारी आहे आणि त्याच्या विषबाधेत रक्ताची प्राणवायू वाहण्याची क्षमता घटून ओठ व नखे निळसर पडतात. ‘व्हॅनिलीन’ मात्र या गोत्रातले नव्हे. त्यात ‘अनिल’ ऐकू येत असले तरी तो शब्द ‘शेंग’ या अर्थाच्या स्पॅनिश शब्दावरून आलेल्या ‘व्हॅनिला’चा आहे. घरी पांढऱ्या कपड्यांना दिली जाणारी भुकटीची नीळही नावापुरतीच नीळ आहे. तिच्यात सहसा अल्ट्रामरीन हे खनिज रंगद्रव्य असते आणि तिचा झाडाशी किंवा ॲनिलीनशी संबंध नसतो.

राहिला मराठी लेखनाचा प्रश्न. ‘क्लोरीन’, ‘ग्लिसरीन’, ‘बेंझीन’ यांच्याप्रमाणे अकारान्त शब्दातले उपान्त्य अक्षर दीर्घ ठेवून ‘ॲनिलीन’ असे लिहावे, नपुंसकलिंगी वापरावे (‘ते ॲनिलीन’, ‘तयार झालेले ॲनिलीन’) आणि विभक्ती लावताना ‘ॲनिलीनचा’, ‘ॲनिलीनमध्ये’ असे शब्दाचे रूप न बदलता लिहावे. ‘नीळ’ हा शब्द मराठीत मुरलेला असल्यामुळे त्याचे ‘निळीचा’, ‘निळीत’ असे होते. ‘ॲनिलीन’ला तसे वळण अजून लागलेले नाही आणि मुद्दाम लावू नये. रायगड जिल्ह्यातल्या रसायनी येथे, जिथे हिंदुस्तान ऑरगॅनिक केमिकल्स या सरकारी कंपनीच्या कारखान्यात नायट्रोबेंझीनपासून हे द्रव्य बनवले जात असे, तिथल्या मराठी कामगारांसाठीही ते ॲनिलीनच होते.

‘नीलिन’ हा पर्याय मला पटत नाही. व्युत्पत्ती कळल्यावर अरबी उपपद काढून टाकून शब्द शुद्ध करण्याचा मोह होतो, पण ‘नीलिन’ वाचणाऱ्याला ते निळीतले रंगद्रव्य असावे असे वाटेल, आणि रंगद्रव्य व ॲनिलीन हे दोन वेगळे पदार्थ आहेत. शिवाय संयुगांच्या नामकरणाच्या आंतरराष्ट्रीय नियमांतही हे जुने रूढ नाव मान्य करून कायम ठेवलेले आहे. पाठ्यपुस्तकांत त्याच्या जोडीने येणारे ‘फिनिलअमीन’ हे रचनेवरून ठेवलेले नाव वापरण्यासही हरकत नाही.