लगून तेजोमेघ: फिल्टर घेण्याआधी बार्लो काढा

प्रश्न थोडक्यात असा आहे: म्हापशाच्या गच्चीवरून, ६ इंची एफ/८ डॉब्सोनियनमधून (साध्या फिरत्या बैठकीवरची आरशाची दुर्बीण), मेच्या सुरुवातीला पहाटे लगून तेजोमेघ (धनू राशीतला वायूचा चमकता ढग), म्हणजे एम ८, पाहिला. १० मिमीचा आयपीस (डोळा लावायचे भिंग) आणि त्याला दुप्पट बार्लो (चित्र आणखी मोठे करणारे जोडभिंग). तारे भरपूर दिसले, ढग मात्र दिसला नाही. ओ-३ फिल्टर (फक्त ऑक्सिजनचा प्रकाश सोडणारी काच) घ्यावा का?

आत्ता नको. तुम्ही दुर्बीण अचूक जागी लावली होती. दिसले ते तारे एनजीसी ६५३० या गुच्छाचे, याच ढगातून जन्मलेले आणि जेमतेम वीस लाख वर्षांचे. ढगही समोरच होता, पण तुमच्या दुर्बिणीचे नाभीय अंतर (आरशापासून प्रतिमा बनते तिथपर्यंतचे; एफ/८ म्हणजे व्यासाच्या आठपट) १२०० मिमी, म्हणजे बार्लोसकट २४० पट मोठे चित्र झाले. त्यात आकाशाचा तुकडा मिळतो जेमतेम १३ कलांचा (६० कला म्हणजे १ अंश), आणि एम ८ पसरलेला आहे सुमारे ९० बाय ४० कला. तुम्ही ढगाच्या पोटातच पाहत होता, कडा कुठे दिसलीच नाही. काळे आकाश शेजारी असल्याशिवाय डोळ्याला फिकट उजेड वेगळा ओळखता येत नाही. शिवाय वाढवलेल्या चित्रात ढगाचा प्रकाश पातळ होतो. तारे बिंदूच राहतात, म्हणून ते टिकले.

आयपीसचे मिमी (दुप्पट बार्लो असेल तर निम्मे) भागिले एफ-अंक (तुमचा ८), एवढा हिशेब प्रत्येक वेळी करा. आयपीसमधून बाहेर पडणाऱ्या प्रकाशाच्या शलाकेची जाडी त्यातून कळते. तुमची होती ०.६ मिमी. अशा ढगाला ३ ते ५ मिमी हवी. दुर्बिणीसोबत आलेला २५ मिमी आयपीस ३ मिमी देतो, ३२ मिमीचा प्लॉसल (आयपीसचा एक नेहमीचा प्रकार) ४ मिमी. पैसे खर्च करायचेच असतील तर आधी हा ३२ मिमीचा घ्या. त्यात १.३ अंशाच्या आसपास आकाश मावते.

दुसरी गोष्ट जागेची. म्हापशाहून दक्षिणेकडे पाहिले की पर्वरी-पणजीचा उजेड त्याच दिशेला येतो. एप्रिल-मेसाठी सत्तरीत वाळपईच्या पुढे किंवा सांग्यात नेत्रावळीकडे जा. किनाऱ्यापासून आत गेल्याने दमट धुरकटपणाही कमी होतो. गोव्याहून एम ८ मध्यमंडलावर (दक्षिणेला सर्वांत उंच जागी) आला की तब्बल ५० अंश उंच असतो (लंडनहून जेमतेम १४ अंश), त्यामुळे डोंगर आडवे येत नाहीत.

वेळेचे गणित मात्र आपल्याला प्रतिकूल आहे. हा ढग मध्यरात्री सर्वांत उंच येतो जूनच्या शेवटी, आणि तेव्हा पाऊस. म्हणून दोनच खिडक्या उरतात. एप्रिलच्या मध्यात तो पहाटे पाचच्या सुमारास सर्वांत उंच असतो, पण तेवढ्यात फटफटायला लागते, म्हणून साडेतीनलाच बसा. मेच्या मध्यात तीन वाजता. अमावास्येपासून शुद्ध अष्टमीपर्यंतचे दिवस धरा, कारण चंद्र मध्यरात्रीच्या आसपास मावळून गेलेला असतो. दुसरी खिडकी ऑक्टोबरची: पावसाने धुतलेली हवा, आणि महिन्याच्या मध्यात संध्याकाळी साडेसातला एम ८ नैर्ऋत्येला अजून ३५ अंशांच्या वर. तेव्हा वद्य चतुर्थी ते अमावास्या हे दिवस चांगले. माझ्या मते ऑक्टोबरच सरस. नैर्ऋत्येला समुद्र असल्याने काणकोणचा किनाराही चालतो, फक्त मासेमारीच्या बोटींचे दिवे कुठे आहेत ते आधी पाहून घ्या आणि दुर्बीण वाळूत न मांडता सुरूच्या झाडांमागे मांडा. खारा वारा आरशाचा लेप खातो.

शोधायला धनू राशीतली किटली (त्या आकारात मांडलेले तारे) पकडा. तिच्या झाकणाच्या टोकाचा तारा काउस बोरिअॅलिस. तिथून पश्चिमेला साडेपाच अंश, किंचित उत्तरेकडे, म्हणजे ८x५० फाइंडरच्या (नळीवरच्या छोट्या शोधदुर्बिणीच्या) साधारण एका क्षेत्राएवढे सरकायचे. काळ्या आकाशात फाइंडरमध्येच धुरकट डाग दिसतो. नाही दिसला तर आकाश पुरेसे काळे नाही, आणि पुढची मेहनत निम्मी वाया जाईल.

डोळे अंधाराला सरावायला २५-३० मिनिटे द्या, मोबाइल खिशात. मग ढगाकडे थेट न पाहता, उजवा डोळा लावला असेल तर थोडे उजवीकडे पाहा, म्हणजे ढग नाकाच्या बाजूला येतो आणि अंधबिंदूत पडत नाही. नळीला हलकी टिचकी मारा. हलणारी फिकट वस्तू पटकन जाणवते. आधी ईशान्य-नैर्ऋत्य जाणारी काळी पट्टी शोधा. तिच्या एका बाजूला तुमचा तारकागुच्छ, दुसऱ्या बाजूला ढगाचा सर्वांत उजळ भाग. दुर्बीण स्थिर ठेवली की तारे सरकतात ती पश्चिम. रंगाची अपेक्षा नको. फोटोतला लाल रंग हायड्रोजनचा, ६५६ नॅनोमीटरचा, आणि अंधारात काम करणाऱ्या पेशी त्याला जवळपास आंधळ्या असतात.

एवढे जमले की बार्लो पुन्हा लावा, या वेळी उपयोगासाठी. उजळ भागात हर्शेल ३६ हा तारा आहे. त्याच्या अगदी लगत वाळूच्या घड्याळासारखा छोटा ठिपका, अवरग्लास. तो लहान आणि तेजस्वी असल्याने १५० ते २०० पटच हवी, फिल्टर नको.

फिल्टर घ्याल तेव्हा ओ-३ ऐवजी यूएचसी घ्या. तो ऑक्सिजनच्या ४९६ व ५०१ नॅनोमीटरच्या रेषांसोबत हायड्रोजन-बीटाची ४८६ ची रेषाही सोडतो, त्यामुळे ६ इंचांत चित्र फार काळवंडत नाही. फक्त ही ४८६ ची रेषा सोडणारा एच-बीटा फिल्टर एम ८ साठी घेऊ नका.

दमटपणासाठी एकच सांगतो: दुर्बीण एसीच्या खोलीतून थेट बाहेर आणू नका, आरशावर लगेच बाष्प धरते. तासभर आधी साध्या खोलीत ठेवा. नळीच्या तोंडाला व्यासाच्या दीडपट लांब, आतून काळी, योगा मॅटची गुंडाळी लावा. आयपीसवर दव आले तर पुसू नका. टोपण लावून खिशात गरम होऊ द्या. पावसाळ्यात आरसा आणि आयपीस हवाबंद डब्यात, सिलिका जेलसह. जेलचा निळा रंग गुलाबी झाला की ओव्हनमध्ये सुकवून परत घाला, नाहीतर ऑक्टोबरपर्यंत काचेवर बुरशी धरते.