स्ट्रीमिंग ॲप श्रोते, गाणी आणि उत्पन्न कसं वाढवतं? (आणि फक्त मराठी गाण्यांचं ॲप चालेल का?)

तुम्ही विचारलंय की स्पॉटिफाय, जिओसावन अशी ॲप्स श्रोते कसे वाढवतात, एवढी गाणी कुठून आणतात आणि कमावतात कशातून, आणि शेवटच्या ओळीत लिहिलंय की मित्राबरोबर फक्त मराठी गाण्यांचं ॲप काढायचं डोक्यात आहे. त्या शेवटच्या ओळीसाठी लिहायला बसले. मी पुण्यात एका छोट्या मराठी म्युझिक कंपनीत आहे, कॅसेटच्या काळातली भक्तिगीतं, लोकगीतं, बालगीतं डिजिटल करून वेगवेगळ्या ॲप्सना पाठवायची आणि नंतर त्यांच्याकडून येणारी प्ले आणि पैशांच्या हिशेबाची स्टेटमेंटं तपासायची हे माझं काम. मी कुठल्या ॲपच्या ऑफिसात बसत नाही, पण गाणं ॲपमध्ये शिरताना आणि पैसे बाहेर येताना दोन्ही मला रोज दिसतं.

सगळ्यात आधी एक गोष्ट डोक्यात पक्की करा, मग बाकीचं आपोआप कळेल. गाणी ॲपची नसतात, भाड्याची असतात. आणि हे भाडं ठरावीक नसतं, तुमच्या कमाईतला हिस्सा असतो. स्पॉटिफाय स्वतः सांगतं की कमाईचा साधारण दोन तृतीयांश भाग हक्क असलेल्यांकडे जातो, म्हणजे लेबलं (ध्वनिमुद्रणाची मालकी असलेल्या म्युझिक कंपन्या), प्रकाशक (गाण्याचे शब्द आणि चाल यांचे हक्क सांभाळणारे), आणि त्यांच्यामार्फत कलाकार. दुसऱ्या धंद्यात गिऱ्हाईक वाढलं की दर नगामागचा खर्च उतरतो, इथे सर्व्हरचा उतरेल पण गाण्याचा उतरत नाही, शंभर कमावले तर सासष्ट-सदुसष्ट द्या, शंभर कोटी कमावले तरी सासष्ट-सदुसष्ट कोटी द्या. 2006 मध्ये स्टॉकहोमला सुरू झालेली आणि 2008 मध्ये लोकांसाठी खुली झालेली ही कंपनी पूर्ण वर्षभराच्या नफ्यात पहिल्यांदा आली ती थेट 2024 ला, तेव्हा तिचे महिन्याचे श्रोते साडेसदुसष्ट कोटी होते आणि पैसे भरणारे सव्वीस कोटींच्या वर. एवढ्या पसाऱ्याला सोळा वर्षं लागली.

आता बरेच जण विचारतात की एका प्लेमागे किती पैसे मिळतात. असा दरच नसतो बहुतेक ठिकाणी. एका देशातल्या, एका प्रकारच्या प्लॅनचे महिन्याचे सगळे पैसे एका भांड्यात जमा होतात, त्यातला हक्कदारांचा वाटा काढला जातो आणि मग एकूण प्लेमध्ये तुमच्या गाण्यांचे प्ले किती त्या प्रमाणात वाटप होतं. म्हणजे तुम्ही महिनाभर फक्त भारूडं ऐकलीत तरी तुमचे पैसे भारूडवाल्याकडे सरळ जात नाहीत, ते भांड्यात पडतात आणि त्यातला मोठा घास ज्या गाण्यांचे कोटींनी प्ले झाले तिकडे जातो. साउंडक्लाउडने 2021 मध्ये काही स्वतंत्र कलाकारांसाठी उलटी पद्धत आणली, म्हणजे ज्याचे पैसे त्याने ऐकलेल्या गाण्यांनाच. मला स्वतःला ती जास्त न्याय्य वाटते, मराठीसारख्या भाषेला तर नक्कीच, पण मोठ्या ॲप्सवर अजून भांड्याचाच हिशेब चालतो.

उदाहरण घ्या. समजा तुम्ही जीएसटीसकट 118 रुपये महिना लावलात. सरकारचे 18 गेले, राहिले 100. प्ले स्टोअरमधून पैसे भरले असतील तर सबस्क्रिप्शनवर गूगलचे 15 टक्के जातात, राहिले 85. त्यातून हक्कदारांचे दोन तृतीयांश काढा, 28 च्या आसपास उरतात, आणि त्यात पगार, सर्व्हर, जाहिरात, ऑफिसचं भाडं. आणि हे पैसे भरणाऱ्या माणसाचं झालं, फुकट ऐकणाऱ्यामागे जाहिरातीतून जे येतं ते याच्यापुढे फारच थोडं, स्पॉटिफायच्या 2024 च्या कमाईत जवळपास 88 टक्के सबस्क्रिप्शनचे होते.

मग फुकट देतातच कशाला? कारण लोक तिथूनच आत येतात. स्पॉटिफाय सुरू झालं तेव्हा स्वीडनमध्ये लोक गाणी सर्रास पायरसीतून उतरवायचे, त्यांच्यासमोर पैसे मागत उभं राहून कोणी ऐकलं नसतं, म्हणून फुकट आणि पायरसीपेक्षा सोपं असं काहीतरी दिलं, प्लेचं बटण दाबलं की गाणं लगेच वाजलं पाहिजे यावर सगळा जोर. मग 2009 मध्ये टेलिया या तिकडच्या टेलिफोन कंपनीबरोबर करार, 2011 मध्ये अमेरिकेत प्रवेश आणि त्याच वर्षी फेसबुकशी जोडणी, म्हणजे मित्र काय ऐकतोय ते दिसायला लागलं, 2013 च्या डिसेंबरमध्ये मोबाइलवर फुकट, आणि 2015 मध्ये डिस्कव्हर वीकली, म्हणजे प्रत्येकाच्या आवडीवरून निवडलेली, दर सोमवारी येणारी तीस गाण्यांची यादी. ही शेवटची गोष्ट मला सगळ्यात महत्त्वाची वाटते. त्याआधी एक वर्ष त्यांनी इको नेस्ट नावाची गाण्यांचं विश्लेषण करणारी कंपनी विकत घेतली होती, तिचं काम इथे कामी आलं. गाणी सगळ्यांकडे तीच, दहा कोटींच्या घरात, मग माणूस एकाच ॲपवर का राहील? तर त्या ॲपला त्याची आवड कळलेली असते म्हणून. माझ्या मते सबस्क्रिप्शन टिकतं ते यामुळे, गाण्यांच्या आकड्यामुळे नाही.

आपल्याकडे श्रोते वाढवायचा मुख्य रस्ता वेगळा होता, तो सिमकार्डातून गेला. एअरटेलने 2014 मध्ये विंक हे गाण्यांचं ॲप काढलं, 2016 मध्ये जिओ आलं आणि डेटा स्वस्त झाला, 2018 मध्ये जिओम्युझिक आणि सावन एकत्र करायचं जाहीर झालं. रिचार्जबरोबर गाणी. आकडे भराभर वाढले पण गाण्यासाठी वेगळे पैसे द्यायची सवय काही लागली नाही, आणि बाजूला यूट्यूबवर सगळं फुकट होतंच. पुढे काय झालं बघा, गाना हे ॲप 2022 मध्ये फुकटवाला प्लॅन बंद करून फक्त पैसेवाल्यांसाठी झालं, रेसो हे दुसरं ॲप जानेवारी 2024 च्या शेवटी भारतातून गेलं, आणि विंक बंद करत असल्याचं त्याच वर्षी ऑगस्टमध्ये एअरटेलनेच सांगितलं. श्रोते कमी पडले म्हणून ही वेळ आली असं मला वाटत नाही, श्रोते होते, फक्त ते सिमचे होते, ॲपचे नव्हते.

पैसे भरायला लावणं हे तर आपल्याकडे वेगळंच प्रकरण आहे. ऑक्टोबर 2021 पासून रिझर्व्ह बँकेचा ई-मॅन्डेटचा (म्हणजे दर वेळी आपोआप पैसे कापायला दिलेल्या परवानगीचा) नियम लागू झाला, पैसे कापायच्या आधी 24 तास ग्राहकाला कळवायचं, आणि कितीतरी लोकांची कार्डावरची चालू सबस्क्रिप्शनं त्या काळात अडकली. ग्राहक म्हणून मला नियम चांगलाच वाटतो, पण ॲपवाल्याला दर महिन्याला गिऱ्हाईक नव्याने मिळवल्यासारखं. म्हणून मग शांपूच्या पुडीसारखे प्लॅन, स्पॉटिफायने 2020 च्या शेवटी दिवसाला 7 रुपये आणि आठवड्याला 25 रुपये असा मिनी प्लॅन आणला. शिवाय 2023 च्या ऑक्टोबरमध्ये भारतातल्या फुकटवाल्यांना हवं ते गाणं हव्या त्या क्रमाने लावता येणं बंद केलं. आधी गोड खाऊ घालायचं, सवय लागली की थोडं थोडं काढून घ्यायचं, अमेरिकेत 9.99 डॉलरचा भाव 2011 पासून 2023 पर्यंत हलवला नव्हता आणि मग लागोपाठ दोन वर्षं वाढवला, तोही यातलाच प्रकार.

आता गाणी कुठून आणतात. मोठ्या लेबलांशी करार करावा लागतो आणि ते आगाऊ रक्कम मागतात, चालो न चालो ती द्यायचीच. सोनीचा स्पॉटिफायबरोबरचा 2011 चा अमेरिकेचा करार नंतर फुटला, त्यात तीन वर्षांत मिळून 4 कोटी 25 लाख डॉलरपर्यंत आगाऊ रक्कम होती. भारतात 26 फेब्रुवारी 2019 ला स्पॉटिफाय सुरू झालं तेव्हा वॉर्नर या दुसऱ्या मोठ्या म्युझिक कंपनीशी बोलणी फिसकटलेली होती, प्रकरण मुंबई उच्च न्यायालयात, आणि स्पॉटिफायचं म्हणणं की कॉपीराइट कायद्याच्या कलम 31 ड खाली रेडिओ-टीव्हीला जसा कायद्यानेच परवाना मिळतो तसा आम्हालाही मिळावा. दोनच महिन्यांत टिप्स हे लेबल विरुद्ध विंक या दुसऱ्या खटल्यात त्याच न्यायालयाने सांगितलं की ते कलम इंटरनेट स्ट्रीमिंगला लागू नाही, 2022 मध्ये खंडपीठानेही तेच कायम ठेवलं. मराठीत अर्थ सांगायचा तर मालकाच्या दारात जाऊन भाव ठरवल्याशिवाय गाणं लावता येणार नाही. सारेगामाची गाणी 2019 च्या एप्रिलमध्ये स्पॉटिफायवरून उतरली आणि 2020 च्या मे मध्ये करार झाल्यावर परत आली, म्हणजे जुन्या एचएमव्हीच्या भावगीतांचा एवढा मोठा साठा वर्षभर त्या ॲपवर नव्हता. तुमचं मराठी ॲप त्या साठ्याशिवाय लोकांना पूर्ण वाटेल का हे स्वतःला विचारा, आईवडिलांच्या पिढीला तरी नाही वाटणार.

छोट्या लेबलांचं वेगळं असतं. तिथे भाव करण्यापेक्षा कागद शोधण्यात जास्त वेळ जातो. आमच्याकडे अशी कितीतरी कॅसेट आहेत की गायकाबरोबरचा कागद एका पानाचा, त्यावर लिहिलंय 'कॅसेट व रेकॉर्ड', बस. 2012 च्या कायदादुरुस्तीनंतर तर स्पष्टच आहे की करार करताना जे माध्यम अस्तित्वातच नव्हतं त्याचा हक्क त्यात नाव घेऊन लिहिला नसेल तर गेला असं धरायचं नाही, आणि गीतकार-संगीतकाराचा रॉयल्टीतला वाटा काढूनही घेता येत नाही. जुन्या कराराला हे कितपत लागू होतं त्यावर वकील वाद घालतात, आम्ही तो वाद न घालता घरी जाऊन माणसांना भेटतो आणि नवा कागद करतो. काही वेळा गायक हयात नसतात, मग मुलं, सुना, नातवंडं, सगळ्यांच्या सह्या. हे काम कुठल्याही ॲपच्या खर्चाच्या तक्त्यात दिसत नाही पण मराठी साठा वाढतो तो असाच वाढतो.

आणि मग माहिती भरणं, मेटाडेटा. प्रत्येक ध्वनिमुद्रणाला बारा अक्षरांचा आयएसआरसी कोड लागतो, तो गाण्याचा आधार नंबर समजा, गायक, गीतकार, संगीतकार, साल. कॅसेटच्या कव्हरवर गायकाच्या जागी 'आणि मंडळी' छापलेलं असतं. विठ्ठल हा शब्द लोक रोमनमध्ये शोधतात तेव्हा कोणी एक टी लिहितो, कोणी दोन, कोणी टीएच, कोणी शेवटी ए लावतो. आमच्या एका लोकगीत गाणाऱ्या बाईंची गाणी स्पेलिंगच्या गोंधळात त्याच नावाच्या दुसऱ्या भाषेतल्या गायिकेच्या पानावर जाऊन बसली, एका ॲपला मेलवर मेल करून ती परत आणायला सात महिने लागले आणि तोवर त्यांचा नातू त्यांना फोनमध्ये आजीचं गाणं शोधून दाखवू शकत नव्हता. मला त्या सात महिन्यांचा अजून राग येतो. तीस सेकंद वाजलं की प्ले धरतात, पण सापडलंच नाही तर तीस सेकंद कुठून वाजणार.

त्यात 2024 पासून स्पॉटिफायचा नियम आहे की मागच्या बारा महिन्यांत हजार प्ले नसतील तर त्या ट्रॅकला ध्वनिमुद्रणाचे पैसे नाहीत. बोगस गाण्यांचा पाऊस थांबवायला केलंय म्हणतात, ते मला पटतंही, पण जात्यावरच्या ओव्या, एखाद्या गावच्या देवीची गाणी यांना हजार प्ले सहज होत नाहीत आणि ती बोगस नाहीत.

आता तुमच्या ॲपबद्दल. लाखो गाण्यांच्या शर्यतीत उतरू नका, तिथे आगाऊ रकमेतच भांडवल संपेल. पण मोठ्या ॲप्सना मराठी ऐकणारा नीट कळलेला नाही हे मी स्टेटमेंटांवरून ठामपणे सांगू शकते. आषाढीच्या आधी अभंगांचे प्ले चढतात, ते एकादशीच्या दिवशी नाही, पालख्या देहू-आळंदीहून निघतात तेव्हापासून. गणपतीत आरत्या सकाळ-संध्याकाळ एकाच वेळी वाजतात आणि घरातल्यांना क्रम ठरलेला लागतो, मधे जाहिरात आली की लोक वैतागून यूट्यूबवर जातात. मार्गशीर्षातले गुरुवार, चैत्रातली हळदीकुंकवं, कोळीगीतांना लग्नसराई. हे ज्याला माहीत आहे तो श्रोता टिकवू शकतो, आणि परदेशातली मराठी मंडळी गणपतीत आरत्यांचा नीट क्रम शोधत असतात, तिथल्या सबस्क्रिप्शनचा भाव आपल्या कितीतरी पट आहे हेही लक्षात ठेवा.

मी तुमच्या जागी असते तर ॲप बनवायला एक रुपयाही घालायच्या आधी एकच प्रकार धरला असता, समजा फक्त वारकरी परंपरेतलं गाणं, कीर्तन आणि भजन, आणि त्याच्या पाच-सहा छोट्या लेबलांना आणि थेट कलाकारांना भेटून हक्क घेतले असते, आगाऊ रकमेऐवजी जास्त वाटा देऊन. ताज्या कीर्तनांचं ध्वनिमुद्रण तर स्वतःच्या खर्चाने केलं असतं, कारण ते गाणं मग भाड्याचं राहत नाही. महिनाभर पुणे, सोलापूर, नांदेड फिरा, कागद किती निघतात ते बघा. किमान पाचशे ट्रॅकचे स्वच्छ करार हातात आले तर परत लिहा, मेटाडेटाची आमची एक्सेल शीट कशी असते ते मी तुम्हाला कॉलमसकट समजावून सांगेन.