नजर, नज़्र आणि तहसील कचेरीतला नजराणा

एका वाचकाचा प्रश्न आहे. बखरीत ‘महाराजांस नजर केली’ असं येतं, कार्यक्रमाच्या पत्रिकेवर ‘अभंगांचा नजराणा’ छापलेलं असतं आणि त्यांच्या जमिनीच्या फायलीत ‘नजराणा भरणे आवश्यक’ असा शेरा आहे. हे सगळं एकाच शब्दाचं गणगोत आहे का? शाळेत त्यांचे मास्तर सांगत, की राजाच्या नजरेस पडावं म्हणून जे द्यायचं तो नजराणा. ते बरोबर का?

तिन्ही ठिकाणचा शब्द एकच आहे. मास्तरांची व्युत्पत्ती मात्र, ऐकायला गोड असली तरी, चुकीची आहे. दोष त्यांचा नाही, आपल्या लिपीचा आणि जिभेचा आहे. मराठीत आज जी एक ‘नजर’ दिसते, तिच्यात दोन वेगळे अरबी शब्द एकमेकांत मिसळून गेलेत. पाहण्याची नजर उर्दूत नून, ज़ो, रे अशी लिहितात. भेटीची नजर नून, ज़ाल, रे अशी. मधलं अक्षर वेगळं, म्हणजे मूळ धातूच वेगळा. अरबी माणूस ही दोन अक्षरं वेगवेगळी उच्चारतो. फारसीत आणि उर्दूत ज़ाल, ज़े, ज़्वाद, ज़ो या चारही अक्षरांचा उच्चार ‘ज़’ असाच होतो, फक्त लिहिताना फरक राहतो. देवनागरीत आल्यावर तोही उरला नाही.

तरी उर्दू बोलणाऱ्याला दोन्हींत गल्लत करायची सोय नाही, कारण भेटीचा शब्द तिथे ‘नज़्र’ आहे, ज़ आणि र जोडलेले. गझल लिहिणारा ‘नज़र’ आणि ‘नज़्र’ एकमेकांच्या जागी घालू शकत नाही, वजन बिघडतं: एकात आधी लघू मग गुरू, दुसऱ्यात आधी गुरू मग लघू. आपल्याला मात्र शब्दाच्या शेवटी असं जोडाक्षर जड जातं. मग आपण मध्ये एखादा स्वर सारतो. फ़िक्रची फिकीर झाली, हुक्मचा हुकूम, मुल्कचा मुलूख, क़द्रची कदर, ज़ख़्मची जखम. त्याच वाटेने नज़्रची नजर झाली आणि ती आधीपासून घरात असलेल्या नजरेच्या अंगावर जाऊन पडली. नजरकैद, नजरचूक, नजरबंदी, हेरांसाठीचा जुना शब्द ‘नजरबाज’, कोर्टातला ‘नाजर’, झालंच तर इंतजारसुद्धा, ही सगळी पाहण्याच्या नजरेची लेकरं. नजराणा त्यांच्यातला नाही.

मग नज़्र म्हणजे मुळात काय? नवस. अरबीत या शब्दाचा पहिला अर्थ हाच: देवाला काही देईन किंवा करीन म्हणून बोललेला शब्द. कुराणात इमरानची पत्नी पोटातलं मूल देवाच्या सेवेला वाहते, तिथे याच धातूचं क्रियापद आहे. हिब्रूतही नवसाला ‘नेदेर’ म्हणतात, तो याचाच भाऊबंद. उर्दूत आजही ‘नज़्र मानना’ म्हणजे नवस बोलणं. ‘नज़र उतारना’ म्हणजे मात्र दृष्ट काढणं! एका अक्षराच्या फरकाने नवसाची दृष्ट होते. दर्ग्यात किंवा घरी एखाद्या पीराच्या नावाने अन्नावर फातिहा, म्हणजे कुराणातली प्रार्थना, म्हणून ते वाटतात, त्याला ‘नज़्र-नियाज़’ म्हणतात. आपल्याकडे दर्ग्याला जाणाऱ्या सगळ्या जातिधर्मांच्या माणसांच्या कानांवर हा शब्द असतो.

उर्दू साहित्यात शब्दाचा हा वाहण्याचा अर्थ फार सुंदर टिकून आहे. पूर्वसुरींपैकी कुणाची आठवण म्हणून कवी त्याच्याच जमिनीत, म्हणजे त्याच वृत्तात आणि त्याच काफिया-रदीफात (यमक आणि त्यामागून पुन्हा पुन्हा येणारा शब्द), गझल लिहितो आणि वर ‘नज़्र-ए-ग़ालिब’ असं शीर्षक देतो. एखादी गोष्ट जळून गेली तर उर्दू वर्तमानपत्र ‘नज़्र-ए-आतिश’ झाली असं लिहितं, आगीला अर्पण झाली. आपण ‘आगीच्या भक्ष्यस्थानी पडली’ म्हणतो. भक्ष्य आणि नैवेद्य, दोन्हीकडे आग काहीतरी मागणारी आहेच.

देवाला वाहायचं ते राजाला वाहायचं झालं, तेव्हा या शब्दाला दरबारी पोशाख चढला. ‘नजर’ म्हणजे खालच्याने वरच्याला द्यायची भेट. ही दिशा लक्षात ठेवली तर अर्धी शब्दचर्चा इथेच संपते. मुघल दरबारात किंवा नंतर हैदराबादेत नजर करायची पद्धत ठरलेली होती. उजव्या तळहातावर, किंवा दोन्ही हात जोडून त्यांवर, रुमाल पसरायचा, त्यावर अशर्फी, म्हणजे सोन्याचं नाणं, किंवा रुपये ठेवायचे आणि वाकून पुढे करायचे. वरच्याने ते घेतले तर कबूल झाले. कधी तो नुसता हात लावून परत करी. तरीही नजर झालीच, कारण मुद्दा सोन्याचा नव्हताच. ‘मी तुमचा’ एवढं म्हणून झालं होतं.

वरून खाली जे यायचं त्याला वेगळे शब्द होते. त्यांतला सर्वांत मानाचा ‘ख़िलअत’, आपली खिलत. हिचा धातू अंगावरून काढण्याचा. कल्पना अशी, की राजाने स्वतःच्या अंगावरचं वस्त्र उतरवून तुम्हाला दिलं. (बायकोच्या मागणीवरून होणारा ‘खुला’ हा मुस्लिम घटस्फोट त्याच धातूचा. तिथेही काहीतरी अंगावरून उतरवणंच आहे.) डोक्यापासून पायापर्यंतचा पूर्ण पोशाख म्हणजे ‘सर-ओ-पा’. मराठीने त्याचा ‘शिरपाव’ केला आणि तो इतका बेमालूम केला, की शिर आणि पाव पाहून शब्द अस्सल देशी वाटावा. पंजाबीत तोच ‘सिरोपा’ आहे, गुरुद्वारात आजही देतात. पेशव्यांना साताऱ्याहून छत्रपतींकडून ‘पेशवाईची वस्त्रे’ मिळत, तीही हीच खिलत, मराठी नावाने. बरोबरीच्या माणसांत चाले ती सौगात किंवा तोहफा. पेशकश ही शब्दशः ‘पुढे ठेवणं’ एवढीच, पण व्यवहारात मांडलिकाने द्यायची खंडणी. आपल्या बखरींत कर्नाटकातले पाळेगार ती देताना दिसतात.

हे दरबारी व्याकरण कळलं की 12 मे 1666 चा आग्र्याचा प्रसंग वेगळाच वाचता येतो. औरंगजेबाच्या वाढदिवसाचा दरबार. शिवाजी महाराजांच्या वतीने ‘नजर’ आणि ‘निसार’ ठेवली गेली. निसार म्हणजे ओवाळून उधळायची रक्कम. जहांगीराने तर त्यासाठी ‘निसार’ असा शब्द कोरलेली छोटी चांदीची नाणी पाडली होती. रक्कम किती, यावर साधनांत एकमत नाही, पण ती ठेवली गेली यावर आहे. म्हणजे खालून वर जायचं ते गेलं. मग खिलती वाटल्या गेल्या: शाहजाद्यांना, वजीर जाफरखानाला, जसवंतसिंहाला. महाराजांना नाही. वरून खाली यायचं ते आलंच नाही. महाराजांच्या संतापाचं कारण शाळेत आपण ‘मागच्या रांगेत उभं केलं’ एवढंच शिकतो. रांग होतीच, पण त्या दरबाराच्या भाषेत नजर घेऊन खिलत न देणं म्हणजे नमस्कार घेऊन तोंड फिरवणं.

आठ वर्षांनी चित्र उलटं झालं. 6 जून 1674 रोजी रायगडावर इंग्रजांचा वकील हेन्री ऑक्झिंडेन दूर उभा राहून मुजरा करतो आणि त्याचा दुभाषी नारायण शेणवी महाराजांना द्यायची हिऱ्याची अंगठी वर धरून दाखवतो. नजर आता कुठल्या दिशेने जाते, हे सगळ्या सभेला दिसावं म्हणूनच ते वर धरणं.

ऑक्झिंडेन जिचा वकील होता त्याच ईस्ट इंडिया कंपनीला पुढे हा शब्द डोईजड झाला. 1773 च्या रेग्युलेटिंग ॲक्टने कंपनीच्या नोकरांना भेटी घ्यायची बंदी केली. दरबारात पुढे आलेली नजर नाकारणं म्हणजे अपमान, घेणं म्हणजे गुन्हा. तोडगा जुनाच होता: हात लावून परत करायची आणि मोठ्या चीजवस्तू सरकारी तोशाखान्यात, म्हणजे भेटवस्तूंच्या कोठारात, जमा करायच्या. इकडे दिल्लीच्या बादशहाला मात्र कंपनीचेच अधिकारी नजर देत राहिले, म्हणजे कागदोपत्री ते त्याचे चाकर. 1840 च्या दशकात लॉर्ड एलनबरोने ती प्रथा बंद केली. रुपयावरचं बादशहाचं नाव तर 1835 मध्येच गेलं होतं.

नाण्यांवरून एक आठवलं. नाणेसंग्राहक ‘नजराणा रुपया’ म्हणतात तो काय? नेहमीच्या रुपयाची चकती ठशापेक्षा लहान असे, त्यामुळे अर्धी अक्षरं बाहेर राहत. राजापुढे ठेवायला मात्र रुंद चकतीवर पूर्ण ठसा उमटवलेली खास नाणी पाडत. जयपूरची अशी नाणी विसाव्या शतकापर्यंत आहेत. ती बाजारात खर्चायला नव्हतीच.

आता ‘-आना’. हा फारसी प्रत्यय, मेहनताना, जुर्माना, शुकराना यांतला. नज़्रला तो लागला आणि नज़राना झाला, मराठीने न चा ण करून नजराणा. (दीवानाचा दिवाणा, तरानाचा तराणा, तसाच.) प्रत्यय लागला की भावना जाते आणि रक्कम उरते, असं मला नेहमी वाटतं. पेशवाईतच ‘नजर’ ही जवळजवळ फी झाली होती. वतन वारसाच्या नावे करायचं, दत्तक मंजूर करून घ्यायचा, द्या नजर. दाव्यात जिंकलेला सरकारला ‘हरकी’ देई किंवा ‘शेरणी’, आणि ही शेरणी म्हणजे मुळात फारसी ‘शीरीनी’, पीराला वाहायची साखर-मिठाई. देवाकडे जायला निघालेले शब्द वाटेत कचेरीत थांबतात.

आणि कचेरीतून मग हलत नाहीत. महाराष्ट्राच्या महसुली भाषेत नजराणा आजही ठणठणीत जिवंत आहे. भोगवटादार वर्ग-2 ची जमीन, म्हणजे जुन्या भाषेत ‘नवीन शर्ती’ची, सरकारच्या परवानगीशिवाय विकता न येणारी, ती बंधनमुक्त वर्ग-1 करायची किंवा विकायची तर सरकारजमा करायच्या रकमेला नजराणा म्हणतात. काही जमिनींना तो बाजारभावाच्या टक्क्यांत बसतो. कुळकायद्याने मिळालेल्या जमिनीला, खरेदीला दहा वर्षं झाली असतील तर, 2014 च्या दुरुस्तीनंतर आकारणीच्या, म्हणजे जमिनीच्या शेतसाऱ्याच्या, 40 पट, म्हणजे बहुधा किरकोळच. आमच्या काकांना एका कचेरीत कारकून म्हणाला, “नजराणा भरावा लागेल.” काकांनी आवाज खाली आणून विचारलं, “किती, आणि कुणाकडे?” कारकून म्हणाला, “चलनाने, बँकेत.” काका बराच वेळ त्याच्याकडे संशयाने बघत होते. काकांचीही चूक नाही. उत्तरेत कोर्टकचेऱ्यांच्या आवारात एक त्रयी चालते: कामाआधी ‘नज़राना’, काम झाल्यावर ‘शुकराना’ आणि बळजबरीने घेतला तर ‘जबराना’. नवसापासून लाचेपर्यंतचा सगळा प्रवास एकाच शब्दाने केला आहे.

राहिली पत्रिका. ‘अभंगांचा नजराणा’ हा प्रयोग मला पटतो. कलावंत रसिकांना मायबाप म्हणतो, खाली वाकून देतो, दिशा बरोबर आहे. ‘सरकारकडून शेतकऱ्यांना दिवाळीचा नजराणा’ असं कुणी लिहिलं की मात्र मी थबकतो. सरकार वर आणि शेतकरी खाली असं मानत असाल तर तिथे बक्षीस, भेट, देणगी, काहीही म्हणा. नजराणा म्हणायचा तर आधी सरकारने वाकायला हवं.

तिसरा प्रयोग सर्वांत गमतीचा आहे: ‘धुक्यातल्या सह्याद्रीचा नजराणा’. पर्यटनाच्या मजकुरात तो सर्रास दिसतो. लिहिणाऱ्याच्या मनात असतो ‘नजारा’, म्हणजे दृश्य, पाहण्याच्या नजरेच्या कुळातला. हातून उमटतो नजराणा, कारण दोन्ही शब्द कानाला शेजारी. काही जण मनात ‘निसर्गाने दिलेली भेट’ असाही अर्थ धरत असतील, त्यांना सोडून देऊ. पण ‘गडावरून दिसणारा नजराणा’ लिहिलं की सुटका नाही, नजराणा दिसत नसतो. म्हणजे मास्तरांनी जी गल्लत व्युत्पत्तीत केली तीच आता भाषा अर्थात करू लागली आहे, आणि लिहिणारे पुरेसे झाले तर एक दिवस कोशांनाही तो अर्थ नोंदवावा लागेल. मी तोवर ‘नजारा’च लिहीन.

वाचकांच्या फायलीतल्या शेऱ्याबद्दल एवढंच: तिथे भावार्थ शोधू नका. चलन भरा, आणि पावतीची झेरॉक्स काढून ठेवा.