नोटीस न देता कृषी सेवा केंद्राचे परवाने रद्द झाले, आता काय करता येईल?

तुमचं म्हणणं थोडक्यात असं: परभणी जिल्ह्यात कृषी सेवा केंद्र आहे. ऐन मृगात भरारी पथक आलं. पॉस मशीनवर (खताची विक्री आणि साठा नोंदवणारं यंत्र) युरियाच्या २१२ बॅगा शिल्लक, गोदामात १८७. भावफलकही नव्हता. आठवड्याभरात खत, बियाणे आणि कीटकनाशक हे तिन्ही परवाने रद्द केल्याचा एकच आदेश हातात पडला. ना नोटीस, ना सुनावणी.

आधी आदेशात ‘निलंबित’ लिहिलंय की ‘रद्द’ ते पाहा. मोंढ्यात (बाजारपेठेत) दोन्हींना रद्दच म्हणतात, पण फरक मोठा आहे. खत (नियंत्रण) आदेश १९८५ च्या खंड ३१ प्रमाणे नोटीस न देता तात्पुरतं निलंबन करता येतं. मात्र त्यानंतर आरोपाचा तपशील लगेच कळवून, म्हणणं ऐकून १५ दिवसांत अंतिम आदेश द्यावा लागतो. तो न दिल्यास निलंबन उठलं असं धरलं जातं. कायमचं रद्द करायचं असेल तर सुनावणी आधी, आदेश नंतर. यात अधिकाऱ्याला सूट नाही.

माझ्या मते तुमचा सगळ्यात भक्कम मुद्दा पुढे आहे. तीन परवाने तीन वेगळ्या तरतुदींखाली आहेत. बियाण्याला बियाणे (नियंत्रण) आदेश १९८३ चा खंड १५ लागतो, कीटकनाशकाला १९६८ च्या कीटकनाशक कायद्याचं कलम १४. दोन्हीकडे परवानाधारकाला आधी बाजू मांडू देणं बंधनकारक आहे. युरियाच्या साठ्यातली तफावत हा फक्त खताचा विषय. बियाणे आणि कीटकनाशकाची कोणती अट मोडली हे आदेशात नसेल, तर त्या दोन परवान्यांना हात लावायला कारणच उरत नाही. भावफलकाचा आक्षेप बाकीच्या दोन परवान्यांना लावला असेल, तर फलक कोणत्या मालाचा नव्हता ते तपासणी अहवालात असायला हवं.

आता कागद गोळा करा. तपासणी अहवाल, पंचनामा, नोटिशीची स्थळप्रत (कार्यालयात राहिलेली प्रत), जावक नोंद, पोस्टाची पोहोच आणि सुनावणीचा रोजनामा (त्या दिवशी काय झालं याची नोंद) यांच्या प्रमाणित प्रती मागणारा अर्ज आजच द्या आणि आपल्या प्रतीवर आवक शिक्का घ्या. माहिती अधिकारात ३० दिवस जातील, म्हणून त्याच्यावर विसंबू नका. ‘नोटीस दुकानाच्या दारावर चिकटवली’ असं उत्तर आलं तर त्याचा पंचनामा आणि साक्षीदारांच्या सह्या मागा. आदेश ज्या पाकिटातून आला ते जपून ठेवा. कीटकनाशकाच्या अपिलाची मुदत आदेश कळल्यापासून मोजतात.

नोटीस निघाली होती असं दिसलं तर तिचा मजकूर तपासा. ‘आपण दोषी आहात, परवाना का रद्द करू नये’ असं लिहिणं म्हणजे निकाल आधीच लावणं. सर्वोच्च न्यायालयाने २०१० च्या ओरिक्स फिशरीज प्रकरणात अशीच नोटीस रद्द ठरवली. आदेशात नसलेली कारणं कार्यालयाला नंतर जोडता येत नाहीत, हे त्याच न्यायालयाच्या १९७७ च्या मोहिंदर सिंग गिल निकालापासून पक्कं आहे.

पण ‘मला ऐकलं नाही’ एवढ्यावर अपील उभं करू नका. बरीच अपिलं इथेच फसतात. सर्वोच्च न्यायालयाच्या सुधीर कुमार सिंग (२०२०) निकालानंतर न ऐकल्यामुळे नेमकं काय नुकसान झालं हे दाखवावं लागतं. म्हणजे त्या २५ बॅगांचा हिशोब. एका कागदावर आरंभीची शिल्लक, आवक (बीजक क्रमांक आणि तारखेसह), विक्री आणि तपासणीच्या दिवशीची शिल्लक मांडा. माल उतरण्याआधीच मशीनवर आवक स्वीकारली का? अंगठा जुळेना किंवा सर्व्हर बंद, म्हणून हातबिलावर माल दिला का? दिला असेल तर लपवू नका. बिलं आणि शेतकऱ्यांचे जबाब जोडा आणि या चुकीला परवाना रद्द करण्याइतकी शिक्षा जास्त आहे हे स्पष्ट मांडा.

अपिलाची मुदत खत आणि कीटकनाशकाला ३० दिवस, बियाण्याला ६०. तिन्ही अपिलं वेगवेगळी पण ३० दिवसांच्या आत दाखल करा. अपील केलं म्हणून आदेश थांबत नाही, स्थगितीचा अर्ज सोबतच द्यावा लागतो. त्यात हंगाम आणि बियाण्याची वैधता संपण्याच्या तारखा लॉट क्रमांकासह लिहा. खताच्या शिल्लक साठ्यासाठी खंड ३१ मध्ये ३० दिवसांत विक्रीची मुभा देण्याची सोय आहे, तीही लेखी मागा. मुभा मिळेपर्यंत एक बॅगही विकू नका, नाहीतर जीवनावश्यक वस्तू कायद्याखाली गुन्हा अंगावर येईल.

नैसर्गिक न्याय (बाजू ऐकूनच निर्णय देण्याचं तत्त्व) डावलला असेल तर अपिलाचा मार्ग असूनही थेट उच्च न्यायालयाच्या छत्रपती संभाजीनगर खंडपीठात रिट याचिका करता येते (सर्वोच्च न्यायालयाचा व्हर्लपूल निकाल, १९९८). पण बहुतेकदा तिथे आदेश रद्द होऊन प्रकरण फेरसुनावणीला परत येतं. म्हणून बॅगांचा तो हिशोब आत्ताच पक्का करा. फेरसुनावणीत लेखी खुलासा द्या, त्याची पोहोच घ्या आणि रोजनामा वाचल्याशिवाय सही करू नका. एका अधिकाऱ्याने ऐकलं आणि आदेशावर दुसऱ्याची सही आली, तर त्या आदेशालाही आव्हान देता येतं.