बाली: देवळं आणि भातखाचरांची एक दिवसाची सहल घ्यावी का?

घ्या. पण यादीतल्या सात ठिकाणांची चार करून घ्या, आणि गाडी फक्त तुमच्या कुटुंबापुरती मिळत असेल तरच घ्या.

नंतर वाचणाऱ्यांसाठी प्रश्न थोडक्यात: सेमिन्याकला मुक्काम, महिना मे, सोबत सत्तरीचे सासू-सासरे आणि नऊ वर्षांची मुलगी. सासूबाईंना देवदर्शन हवंय. सासरे धुळ्याच्या साक्रीकडचे शेतकरी, त्यांना भाताची खाचरं बघायचीत. एका सहल कंपनीने तामान आयुन, जातिलुविह, उलुन दानू ब्रातान, हंदारा गेट, माकडांचं जंगल, लुवाक कॉफी आणि तनाह लोट असा दिवस सुचवलाय. तो झेपेल का, गाइड हवा की नुसता ड्रायव्हर पुरे, आणि 'दर्शन नीट होईल का'.

आम्ही सिंगापुरात असतो. देशातून आईवडील, मावश्या, नवऱ्याकडची मंडळी आली की बालीची फेरी ठरलेलीच. त्यामुळे ही वाट मला ज्येष्ठांच्या गुडघ्यांच्या हिशेबाने पाठ आहे.

आधी काटछाट. लुवाक कॉफी सरळ उडवा. उदमांजराने फळ खाऊन विष्ठेतून टाकलेल्या बियांची ती कॉफी, आणि प्राणी बहुतेक ठिकाणी पिंजऱ्यात ठेवलेले असतात. ड्रायव्हरला तिथे कमिशन असतं म्हणून ती यादीत असते. हंदारा गेट हे देऊळ नाही, एका गोल्फ रिसॉर्टचं प्रवेशद्वार आहे. पैसे भरून रांग लावायची आणि दोन मिनिटांत फोटो काढून निघायचं. माकडं मुलीला आवडतील, पण चष्मा आणि पाण्याची बाटली ओढून नेण्यात ती पटाईत असतात, आणि त्यात तासभर जातो. उरली चार ठिकाणं. दिवस त्यांनीच भरतो, कारण अंतरं कमी दिसली तरी रस्ते अरुंद आहेत आणि डोंगराकडे जाताना दोन तास सहज लागतात.

क्रमही बदलून घ्या. बहुतेक कंपन्या तामान आयुनपासून सुरुवात करतात, कारण ते वाटेवर आहे. तुम्ही सकाळी सातला निघून थेट वर उलुन दानूला जा. ते बेदुगुलला, समुद्रसपाटीपासून साधारण 1200 मीटरवर आहे आणि दुपारनंतर तिथे ढग उतरतात, पाऊसही येतो. मग जातिलुविहला जेवण आणि खाचरं, उतरताना मेंगवीचं तामान आयुन, आणि संध्याकाळी समुद्रावर तनाह लोट. असं केलं की दिवसभर तुम्ही पाण्याबरोबर खाली येता: डोंगरातला तलाव, शेत, राजाचं खंदकातलं देऊळ, शेवटी समुद्र. बालीचा धर्म आणि बालीची शेती एकमेकांत कशी गुंतलीय ते या क्रमाने गेलं तर आपोआप उलगडतं. उलट्या क्रमाने ती नुसती चार 'स्पॉट' राहतात.

उलुन दानू ब्रातान म्हणजे तलावाची देवी देवी दानू हिचं स्थान. मेंगवीच्या राजाने ते 1633 मध्ये बांधलं असं मानतात. पन्नास हजार रुपियाच्या जुन्या नोटेवर हेच देऊळ आहे. पाण्यातल्या त्या प्रसिद्ध मेरूवर (एकावर एक छपरं असलेला मनोरा) पर्यटकांना जाता येत नाही, काठावरूनच बघायचं. बाग मोठी आणि सपाट आहे, सासूबाईंना चालायला त्रास नाही. हंसाच्या आकाराच्या बोटी बघून नाक मुरडू नका, मुलीचा तास तिथेच सुखाने जाईल. वारा गार असतो, एखादी शाल जवळ असू द्या.

आता दर्शनाचं. सासूबाईंना हे निघायच्या आधीच सांगून ठेवा, नाहीतर पहिल्याच देवळात 'मूर्ती कुठाय?' म्हणून हिरमोड होतो. बालीच्या देवळात आपल्यासारखा गाभारा आणि त्यात सजवलेली मूर्ती नसते. उघडी आवारं असतात, एकात एक, सहसा तीन. त्यात गवताच्या किंवा काळ्या धाग्यांच्या छपरांचे मेरू, आणि पद्मासन म्हणजे दगडी उंच आसन, जे रिकामं असतं. देव तिथे सणाला येतो, पूजा घेतो आणि परत जातो, अशी कल्पना आहे. एरवी आवार शांत आणि मोकळं. सर्वांत आतल्या आवारात पूजेला आलेल्या लोकांनाच सोडतात, पर्यटकांना नाही. आपण हिंदू आहोत असं सांगितलं तर काही ठिकाणी, रीतसर पोशाख असेल आणि पूजाच करायची असेल, तर आत घेतात. पण ते त्या देवळाच्या पुजाऱ्यावर असतं, हक्क सांगून वाद घालू नये. आपल्याकडच्या काही मंडळींना मी तसं करताना पाहिलंय, गाइडची मान खाली गेली होती.

पोशाख म्हणजे कमरेला सारोंग (लुंगीसारखं वस्त्र) आणि त्यावर पट्टा. बऱ्याच ठिकाणी ते दारात देतात, तरी एक-दोन विकत घेऊन ठेवले तर बरं. साडी किंवा पंजाबी ड्रेस असला तरी पट्टा बांधावा लागतोच. आणखी एक गोष्ट तुम्ही विचारली नाही, पण दारावर पाटी असते: मासिक पाळी चालू असताना बायकांनी देवळात जायचं नाही. घरात मृत्यू झाला असेल तर सुतकही पाळतात. पटो न पटो, त्यांच्या देवळात त्यांचा नियम. बाहेरच्या आवारातून आणि बागेतून बघायला कोणी अडवत नाही.

जातिलुविहला मात्र घाई करू देऊ नका. कंपनीच्या कार्यक्रमात तिथे 'फोटो स्टॉप' लिहिलेलं असेल, ते दोन-अडीच तास करून घ्या, जेवणही तिथेच. बातुकारू डोंगराच्या (2276 मीटर) कुशीत साधारण 700 मीटरवर सहाशेहून जास्त हेक्टर खाचरं पसरली आहेत. उबुदजवळचं तेगलालांग जास्त प्रसिद्ध आहे, पण ती एक अरुंद दरी आहे, आणि आता तिथे भातापेक्षा झोपाळे जास्त दिसतात. जातिलुविहला पायवाटा आखलेल्या आहेत. त्यातली सर्वांत छोटी निवडा, तिला फारसा चढ नाही. गुडघे दुखणाऱ्यांनी उपाहारगृहाच्या सज्जात बसावं, तिथूनही सगळं दिसतं.

मेमध्ये भात निसवलेलं असायची शक्यता आहे. इथली खासियत म्हणजे उंच वाढणारा तांबडा भात. तो वर्षाच्या सुरुवातीला लावतात आणि जून-जुलैच्या सुमारास कापतात. दुसरं पीक कमी दिवसांच्या जातीचं. लाल तांदळाचा चहाही मिळतो, भाजलेल्या धान्याचा वास असतो त्याला, सासऱ्यांना द्या.

सासऱ्यांसाठी खरा मुद्दा इथे आहे. ही खाचरं 'सुबक' नावाच्या पाणीवाटप मंडळांतून चालतात, आणि ती व्यवस्था नवव्या शतकापासूनची आहे. 2012 मध्ये युनेस्कोने तिला जागतिक वारशात घेतलं, त्यात जातिलुविह आहे आणि तामान आयुनही. एका पाटावर अवलंबून असलेले सगळे शेतकरी एका सुबकचे सभासद. कधी पाणी सोडायचं, लावणी कधी, रान पडीक कधी ठेवायचं, हे एकत्र बसून ठरतं. त्यांचा प्रमुख म्हणजे पेकासेह. आणि हे सगळं पाण्याच्या देवळांच्या पूजांशी बांधलेलं.

साक्रीकडच्या माणसाला हे नवीन नाही. पांझरा-मोसम खोऱ्यांतली फड पद्धत आठवा: बंधारा, पाट, फडात सगळ्यांचं एकच पीक, आणि पाणी सोडणारा पाटकरी. जातिलुविहला शेताच्या पाटावर एक आडवं लाकूड किंवा दगडी उंबरा दिसेल, त्यात खाचा पाडलेल्या असतात. खाच जेवढी रुंद, तेवढा त्या शेताचा वाटा. पाणी कमी आलं तर सगळ्यांचंच कमी होतं, खाचा तेवढ्याच राहतात. माझे सासरे त्या लाकडाशी उकिडवे बसून बोटांनी रुंदी मोजत बसले होते. फोटो काढायचे तर ह्याचे काढा, पायऱ्यांचे सगळेच काढतात.

गाइडला 1970 च्या दशकाबद्दल जरूर विचारा. सरकारने नव्या, लवकर येणाऱ्या जाती आणल्या आणि जमेल तितकी पिकं घ्या म्हणून सांगितलं. देवळांचं पाण्याचं वेळापत्रक बाजूला पडलं. झालं असं की पूर्वी एका पट्ट्यातली सगळी रानं एकाच वेळी मोकळी राहायची, त्यामुळे किडीला खायलाच काही उरत नसे. आता कुठे ना कुठे बाराही महिने हिरवं भात उभं, म्हणून तुडतुडे आणि रोग बोकाळले. शिवाय सगळ्यांना पाणी एकाच वेळी हवं, त्याची ओढाताण वेगळीच. अमेरिकन मानववंशशास्त्रज्ञ स्टीफन लॅन्सिंग यांनी याचा पुढे सविस्तर अभ्यास केला आणि देवळांच्या वेळापत्रकात शेतीचं शहाणपण आहे हे संगणकाच्या प्रारूपावर दाखवून दिलं.

बांधांवर बांबूची नाहीतर दगडाची छोटी देव्हारी दिसतील, ती देवी श्रीची, म्हणजे भाताची देवता. पुढ्यात नारळाच्या कोवळ्या पानांची इवलीशी चौकोनी टोपली, त्यात फुलं, चार शितं, कधी एखादं बिस्किट, वर उदबत्ती. तिला चनांग सारी म्हणतात. रस्त्यावर, दुकानाच्या उंबऱ्यावर, गाडीच्या डॅशबोर्डवरसुद्धा ती असते. चालताना पायाखाली येणार नाही याकडे मुलीला लक्ष ठेवायला सांगा.

तामान आयुनला पाऊण तास पुरे. मेंगवी राजघराण्याचं हे देऊळ 1634 चं, भोवती पाण्याचा खंदक. आतल्या आवारात जाता येत नाही, पण कुंपणाची भिंत बुटकी आहे आणि तिच्या कडेने फिरत मेरूंची रांग छान दिसते. छपरांची संख्या नेहमी विषम, जास्तीत जास्त अकरा. मुलीला मोजायला लावा.

तनाह लोटला गर्दी असेल, गर्दीला पर्याय नाही. सोळाव्या शतकात जावाहून आलेले दांग ह्यांग निरर्थ हे पुरोहित त्याच्याशी जोडलेले आहेत. खडक लाटांनी झिजून ढासळायला लागला होता, तेव्हा जपानच्या मदतीने तो सावरला, त्यामुळे आज दिसणाऱ्या खडकाचा बराचसा भाग माणसाने घडवलेला आहे. ओहोटी असेल तर खडकाच्या पायथ्याशी जाता येतं, भरतीला नाही. म्हणून तुमच्या तारखेची भरती-ओहोटी आधी बघा. पायथ्याशी गोड्या पाण्याचा झरा आहे, चारी बाजूंनी खारं पाणी असताना. तिथे बसलेले पुजारी डोक्यावर तीर्थ शिंपडतात, ते प्यायलाही देतात, कपाळावर ओल्या तांदळाचे दाणे चिकटवतात, कानामागे चाफ्याचं फूल ठेवतात. दक्षिणा ऐच्छिक. सासूबाईंना 'दर्शन झालं' असं दिवसभरात कुठे वाटलं तर ते इथेच वाटेल. संध्याकाळी सहाच्या सुमारास आसपास कुठे ध्वनिक्षेपक असला तर त्रिसंध्या (दिवसातून तीनदा म्हणायची प्रार्थना) ऐकू येते. तिची सुरुवात गायत्री मंत्राने होते, उच्चार थोडे वेगळे पण ओळखू येतात. पार्किंगपासून दुकानांतून उतार आणि पायऱ्या आहेत. खाली उतरणं जमणार नसेल तर वर कड्यावरच बसायला जागा धरा, सूर्यास्त तिथून जास्त चांगला दिसतो.

गाइड की ड्रायव्हर? उलुन दानू आणि तनाह लोटला ड्रायव्हर पुरे. जातिलुविहसाठी गाइड हवाच, आणि तो शेतकरी घरातला असेल तर सोनं. बुक करताना कंपनीला सरळ विचारा: गाइड आमच्यासोबत खाचरांत चालणार की गाडीपाशी थांबणार? तिकिटं, पार्किंग, सारोंग आणि जेवण किमतीत धरलंय का, तेही लेखी घ्या. चारही ठिकाणी वेगळं तिकीट लागतं आणि तिथेच हिशेब फुगतो. बाकी 150000 रुपियाचं परदेशी पर्यटक शुल्क 2024 पासून माणशी एकदाच भरायचं असतं, ते सहलीत येत नाही.

शाकाहाराचं: गादो-गादो (भाज्यांवर शेंगदाण्याची चटणी), तेम्पे (आंबवलेल्या सोयाबीनची वडी), टोफू, भाज्यांचा नासी गोरेंग (परतलेला भात) सगळीकडे मिळतं. मात्र सांबलमध्ये (तिखट चटणी) बहुतेक वेळा तेरासी म्हणजे कोळंबीची पेस्ट असते, आणि 'व्हेज' नासी गोरेंगवर अंडं हमखास येतं. 'तान्पा तेरासी, तान्पा तेलूर' असं सांगायचं, तान्पा म्हणजे शिवाय, तेलूर म्हणजे अंडं. तरीही सासू-सासऱ्यांसाठी दशम्या आणि शेंगदाण्याची चटणी बरोबर असू द्या, गाडीत वेळेवर पोटात काही गेलं की पुढचं घाटरस्त्याचं तासभर सोपं होतं. गाडी लागत असेल तर गोळी निघायच्या आधी.

आणि तारखा नक्की झाल्या की इथेच टाका. बालीच्या 210 दिवसांच्या पंचांगाप्रमाणे बहुतेक देवळांचा आपापला उत्सव येतो, त्याला ओदालान म्हणतात. तुमच्या दिवसांत या चारपैकी कुठे आहे का ते आमच्या नेहमीच्या ड्रायव्हरला विचारून सांगते. असेल तर त्या देवळाला जास्त वेळ द्या आणि तामान आयुन खुशाल गाळा.