कोर्टकचेरी: वाचकांचे प्रश्न

प्रश्न: धुऱ्यावरून (शेताच्या बांधावरून) चुलतभावासंग भांडण झालं, त्यानं माह्यावर केस टाकली, विळा मारला म्हणून कलम 118 लावलं. आता पोळ्याले आमचं मिटलं. तो म्हणते केस वापस घेतो, पण ठाण्यात म्हणतात जमत नाही. मंग?
एक वाचक, दारव्हा तालुका

उत्तर: दादा, ठाण्यातले बरोबरच सांगतात, एकदा एफआयआर झाला की तो फिर्यादीच्या हातात राहत नाही. नुसती शिवीगाळ, धमकी, साधी मारहाण असती तर तालुक्याच्या कोर्टातच आपसात मिटवता आलं असतं, पण हत्यारानं दुखापत केल्याचं 118 (भारतीय न्याय संहितेचं कलम) तसं मिटत नाही, म्हणून हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठात अर्ज टाका, बीएनएसएसचं (म्हणजे फौजदारी केस चालवायच्या नव्या कायद्याचं) कलम 528 (जुन्या सीआरपीसीचं 482), चुलतभावाचं राजीखुशीचं अ‍ॅफिडेव्हिट लावून. सुप्रीम कोर्टानं ग्यान सिंग केसमध्ये 2012 साली सांगितलंय की खासगी भांडण खरंच मिटलं असेल तर हायकोर्ट केस रद्द करू शकते, खून-बलात्कार-दरोडा असे गंभीर गुन्हे सोडून. जखम किती, कुठं, हे मात्र पाहतात, त्यामुळं मेडिकलचा कागद आधी वकिलाले दाखवा. अन् धुऱ्याची मोजणी करून घ्या बाप्पा, नाहीतर पुढच्या पेरणीले परत तेच!